निलंबनाच्या केससाठी संभाजीनगरचं वकिलांचं ऑफिस, माझा पूर्ण अनुभव

मी ग्रामसेवक, मराठवाड्यातल्या एका जिल्हा परिषदेत १७ वर्षं नोकरी झाली. जिल्हा परिषदेचं नाव लिहीत नाही कारण विभागीय चौकशी अजून चालू आहे, आणि वकीलसाहेबांचंही नाव लिहीत नाही कारण वकिलांना जाहिरात करता येत नाही, नाव टाकू नका असं त्यांनी स्वतःच सांगितलं. हायकोर्टाच्या संभाजीनगर खंडपीठात सेवाविषयक केसेस बघणारं ऑफिस आहे एवढंच सांगतो. आमच्यातल्या कितीतरी जणांवर ही वेळ येते आणि त्या वेळी कोणी नीट सांगणारं भेटत नाही म्हणून सविस्तर लिहितोय, जरा लांबेल.

११ जून २०२४ ला दुपारी पंचायत समितीच्या शिपायाने आदेश आणून हातात दिला. दप्तर तपासणीला उपलब्ध करून दिलं नाही, रोकडवही म्हणजे नमुना ५ अद्ययावत नाही, वरिष्ठांच्या सूचनांचं पालन केलं नाही, सबब निलंबित करण्यात येत आहे आणि निलंबन काळात मुख्यालय अमुक पंचायत समिती, परवानगीशिवाय सोडू नये. ते मुख्यालय माझ्या घरापासून ७० किलोमीटर. माझ्याकडे दोन गावांचा अतिरिक्त चार्ज होता आणि ज्या गावचं दप्तर मागितलं त्याचा चार्ज मला कागदोपत्री मिळालाच नव्हता, आधीच्या माणसाने कपाटाची चावी दिली नव्हती, हे मी तीन वेळा लेखी कळवलं होतं. पण ते कोणी वाचलं नाही. त्या रात्री जेवण गेलं नाही, मुलगी बारावीला होती, तिला काय सांगायचं हेच कळत नव्हतं.

पहिली चूक मी केली ती म्हणजे घाई. तालुक्याच्या एका वकिलाकडे गेलो, त्यांनी आदेश उभ्या उभ्या वाचला आणि म्हणाले मॅटमध्ये टाकू, आठ दिवसात स्टे आणतो, ८०,००० लागतील. मी पतसंस्थेत कर्जाचा अर्जसुद्धा भरला होता. नंतर कळलं की मॅट म्हणजे महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरण हे राज्य सरकारच्या कर्मचाऱ्यांसाठी आहे, जिल्हा परिषदेच्या कर्मचाऱ्याची केस तिथे चालत नाही. म्हणजे आमच्याच गावचा तलाठी निलंबित झाला तर तो मॅटमध्ये जाणार, कारण तो महसूलचा, आणि त्याच्या शेजारच्या खोलीत बसणारा मी जाणार विभागीय आयुक्तांकडे अपिलात आणि तिथे दाद नाही मिळाली तर हायकोर्टात रिट याचिका घेऊन. झेडपीच्या शाळेतल्या गुरुजींचंही तसंच. हे साधं वाटतं पण चुकीच्या दारात गेलं की महिने जातात आणि पैसे जातात ते वेगळेच.

या ऑफिसचा पत्ता मला एका गुरुजींनी दिला. जुलैच्या शेवटच्या आठवड्यात पहाटेची एसटी पकडून सिडको स्टँडला उतरलो, तिथून जालना रोडला रिक्षाने दहा मिनिटं. ऑफिस दुसऱ्या मजल्यावर, दोन खोल्या, बाहेरच्या खोलीत चारच खुर्च्या आणि माणसं पंधरा. नांदेडचे, बीडचे, जळगावचे, नंदुरबारवरून रात्रभर प्रवास करून आलेले एक जण होते, कारण मराठवाड्याबरोबर नगर, जळगाव, धुळे, नंदुरबार हे जिल्हेही याच खंडपीठात येतात. मला अडीच तास थांबावं लागलं.

आत गेल्यावर साहेबांनी आदेश वाचला, मागची बाजू उलटून पाहिली, सहीखालचं पद बोटाने दाखवून ज्युनियरला काहीतरी लिहून घ्यायला लावलं. मी माझी सगळी हकीकत सांगायला लागलो, चावी, चार्ज, तीन पत्रं, मधेच माझा आवाज भरून आला. त्यांनी पाणी दिलं आणि सगळं ऐकून घेतलं, घाई केली नाही. मग म्हणाले, "भाऊसाहेब, तुम्ही खरं बोलताय असं मला वाटतं, पण हे चौकशीत सांगायचं. हायकोर्ट निलंबनात हे बघत नाही. आपल्याला तारखांवर लढायचंय."

ही एक गोष्ट कळायला मला पुढचे दोन महिने लागले पण सगळी केस याच वाक्यावर उभी राहिली. निलंबन ही कायद्याच्या भाषेत शिक्षा नाही. आपल्याला शिक्षेपेक्षा जास्त वाटते, गावात लोक बघतात, सोयरे विचारतात, पण कोर्ट म्हणतं की चौकशी नीट व्हावी म्हणून माणसाला कामावरून बाजूला ठेवलंय. म्हणून आरोप खरे का खोटे यात कोर्ट या टप्प्यावर सहसा शिरत नाही. बघतं ते असं की आदेश काढणाऱ्याला अधिकार होता का, काही डोकं लावून काढलाय का नुसता छापील नमुना भरलाय, आणि आदेश काढल्यावर पुढे किती दिवस नुसतं बसवून ठेवलंय. मी निर्दोष आहे हे ओरडून सांगायला जो जातो तो हात हलवत परत येतो असं साहेब म्हणाले, आणि बाहेर थांबलेल्यांपैकी दोघांचं तसंच झालं होतं.

त्या दिवशी त्यांनी याचिका घेतलीच नाही. सल्ल्याचे १,००० घेतले आणि तीन कामं दिली. विभागीय आयुक्तांकडे मुदतीत अपील लगेच टाकायचं, कारण नंतर हायकोर्टात समोरचा वकील पहिला हाच मुद्दा काढतो की अपिलाची सोय होती, ती न वापरता थेट इथे आले. दुसरं, निर्वाह भत्त्याचा अर्ज. तिसरं, आजपासून येणारा प्रत्येक कागद पाकिटासकट जपायचा. हे तिसरं मी त्या दिवशी नुसतं मान डोलावून ऐकलं, त्याचं पुढे सांगतो.

निर्वाह भत्त्याबद्दल जरा जास्त लिहितो कारण आमच्या लोकांना इथेच सगळ्यात जास्त नाडलं जातं. दीड महिना झाला तरी मला एक रुपया मिळाला नव्हता, आस्थापनेत विचारलं की मुख्यालयाचा अहवाल आला नाही, मुख्यालयात विचारलं की आदेशाची प्रत आली नाही. साहेबांनी समजावून सांगितलं की भत्ता ही मेहरबानी नाही, माणूस नोकरीतच असतो, फक्त काम काढून घेतलेलं असतं, आणि दुसरीकडे नोकरी करायलाही बंदी असते, मग घर कशावर चालणार. १९८१ च्या महाराष्ट्र नागरी सेवा नियमांमधला ६८ नंबरचा नियम आहे. अर्धपगारी रजेवर जेवढं वेतन मिळालं असतं तेवढा भत्ता, म्हणजे समजा मूळ वेतन ४०,००० तर २०,००० आणि त्यावरचा महागाई भत्ता वगैरे. पहिले तीन महिने झाले आणि उशीर आपल्यामुळे झालेला नसेल तर त्या भत्त्याच्या निम्म्यापर्यंत वाढ देता येते, म्हणजे २०,००० चे ३०,००० होऊ शकतात. आपणच चौकशी लांबवत असू तर तेवढाच कमीही करता येतो, म्हणून चौकशीच्या तारखा चुकवू नका. आणि आपण दुसरीकडे कुठे काम करत नाही असं प्रमाणपत्र द्यावं लागतं, तो कागद दर महिन्याला पोच घेऊन द्यायचा, नाहीतर त्याच कारणावर भत्ता अडवतात. मला हे कोणीच सांगितलं नव्हतं, दीड महिना मी नुसता हेलपाटे मारत होतो.

अर्जात त्यांनी सुप्रीम कोर्टाच्या १९८३ च्या चंद्रभान प्रकरणाचा उल्लेख केला. आपल्याच महाराष्ट्राची केस. तेव्हा मुंबई नागरी सेवा नियमांत अशी तरतूद होती की खालच्या कोर्टात शिक्षा झाली आणि वरती अपील चालू असलं तर निलंबित कर्मचाऱ्याचा निर्वाह भत्ता महिन्याला एक रुपया. अक्षरशः एक रुपया. सुप्रीम कोर्टाने ती तरतूद रद्द केली. साहेब हे सांगत होते तेव्हा मला आमच्या आस्थापना विभागातल्या त्या टेबलाची आठवण झाली, एक रुपया निदान एक तरी होता. अर्ज दिल्यावर २२ दिवसात दोन महिन्यांचा भत्ता एकदम जमा झाला. केस जिंकण्याआधी मला या ऑफिसचा फायदा झाला तो हा, आणि माझ्या मते ८०,००० च्या स्टेपेक्षा हा १,००० रुपयांचा सल्ला मोठा होता.

आता मुख्य मुद्दा, तीन महिन्यांचा. अजयकुमार चौधरी विरुद्ध भारत सरकार, सुप्रीम कोर्ट, १६ फेब्रुवारी २०१५. निलंबित झालेल्या प्रत्येकाच्या तोंडात हे नाव असतं, पण पूर्ण निकाल वाचलेले थोडे. त्यात असं म्हटलंय की तीन महिन्यांच्या आत दोषारोपपत्र, म्हणजे काय काय आरोप आहेत त्याचा लेखी कागद, कर्मचाऱ्याला बजावलं नाही तर निलंबन त्यापुढे चालू राहू नये, आणि बजावलं असेल तर निलंबन वाढवण्यासाठी कारणं देऊन वेगळा आदेश काढावा लागतो. ज्याच्या नावाने हा निकाल ओळखला जातो त्या चौधरींना स्वतःला याचा उपयोग झाला नाही कारण निकाल लागेपर्यंत त्यांना दोषारोपपत्र मिळालं होतं, हे मला साहेबांनी दाखवलं तेव्हा मन जरा हळवं झालं. त्यानंतर आपल्या राज्य शासनानेही ९ जुलै २०१९ ला शासन निर्णय काढला आणि ९० दिवसांच्या आत दोषारोपपत्र बजावलं जाईल याची काळजी घ्या असं सगळ्या विभागांना कळवलं. पण साहेबांनी हेही बजावलं की हे मशीन नाही, ९१ व्या दिवशी आपोआप कोणी हजर करून घेत नाही, मागावं लागतं, आणि लाचलुचपतच्या ट्रॅपची केस असेल तर कोर्ट जास्त जपून पावलं टाकतं. ४८ तासांपेक्षा जास्त कोठडी झाली तर मानीव निलंबन होतं, म्हणजे माणूस निलंबित झाला असंच धरतात, तो प्रकार वेगळा. असे लोक त्यांच्याकडे आले तर ते पहिल्याच भेटीत सांगतात की लगेच काही होईल अशी आशा धरू नका. एका माणसाला माझ्यासमोर त्यांनी फी न घेता परत पाठवलं, म्हणाले तुमची वेळ आली नाही, सहा महिन्यांनी या.

माझे ९० दिवस ९ सप्टेंबरला भरले. १२ तारखेला अभिवेदन म्हणजे निलंबन मागे घ्या अशी लेखी विनंती दिली, आवक शिक्का मारून पोच घेतली. उत्तर नाही. मग २३ ऑक्टोबरला पोस्टमन जाडजूड पाकीट घेऊन आला, आत दोषारोपपत्राचं ज्ञापन, जोडपत्र १ ते ४, दोषारोप, त्याचं विवरण, कागदपत्रांची यादी, साक्षीदारांची यादी, सगळं व्यवस्थित. आणि ज्ञापनावर तारीख ४ सप्टेंबर. माझ्या पोटात गोळाच आला. ४ सप्टेंबर म्हणजे ८५ वा दिवस, म्हणजे त्यांचं मुदतीत झालं, आपली केस संपली असंच मला वाटलं. साहेबांना फोन केला, त्यांनी पहिला प्रश्न विचारला, "पाकीट कुठंय?"

पाकीट मी फाडून कागद काढून घेतले होते. घरभर शोधलं, कपाटाच्या वर, गादीखाली, मुलीच्या दप्तरात. शेवटी आमच्या हिने सांगितलं की तिने लाईट बिलं ठेवायला घेतलंय, स्वयंपाकघरात फडताळात खिळ्याला अडकवलेलं सापडलं. तेलाचा एक डाग पडला होता पण स्पीड पोस्टचं बारकोडचं लेबल शाबूत, बुकिंगची तारीख स्पष्ट, २१ ऑक्टोबर. सुप्रीम कोर्टाचा शब्द आहे बजावणे. कागदावर कोणती तारीख टाकली याला अर्थ नाही, माझ्या हातात कधी पडला याला आहे. ४ सप्टेंबरला सही झालेला कागद २१ ऑक्टोबरपर्यंत म्हणजे १३२ व्या दिवसापर्यंत ऑफिसच्या बाहेर पडला नव्हता. ज्युनियर मॅडमनी पोस्टाच्या साईटवरून ट्रॅकिंगचं पान काढलं, पाकिटाची दोन्ही बाजूंनी कलर झेरॉक्स केली आणि ती याचिकेला जोडली. जे कोणी हे वाचत असतील त्यांनी ऑफिसकडून आलेलं पाकीट कधीही फेकू नका, आणि हातोहात कागद दिला तर पोच देताना सहीखाली स्वतःच्या अक्षरात तारीख आणि वेळ टाका, शिपाई कितीही म्हणाला की नुसती सही करा तरी.

दिवाळीची सुट्टी संपल्यावर याचिका दाखल झाली. फी ३५,००० ठरली होती, तीन हप्त्यांत घेतली, पहिला हप्ता १५,०००. टायपिंग, झेरॉक्स, स्टॅम्प याचे वेगळे साडेचार हजार गेले, त्याचा हिशोब मागितला तेव्हा कागदावर लिहून दिला. दुसऱ्या सुनावणीला काही जास्तीचं मागितलं नाही. डिव्हिजन बेंचपुढे म्हणजे दोन न्यायाधीशांपुढे केस तीन ते चार मिनिटं चालली असेल, मी मागच्या बाकावर उभा होतो. साहेबांनी माझ्या निर्दोषपणाबद्दल एक शब्द काढला नाही, निलंबनाची तारीख, अभिवेदनाची तारीख, पाकिटाची तारीख, आणि मधल्या काळात निलंबन वाढवण्याचा कोणताच आदेश नाही, एवढंच. नोटीस निघाली आणि पुढची तारीख पडली. समोरच्या वकिलांनी अपिलाचा मुद्दा काढलाच, पण आपलं अपील जुलैमध्येच गेलेलं होतं आणि त्यावर काही निर्णय नव्हता, त्याची पोच जोडलेली होती.

पुढची तारीख यायच्या आत डिसेंबरमध्ये जिल्हा परिषदेनेच मला चौकशीच्या अधीन राहून पुनःस्थापित करायचा आदेश काढला. दुसऱ्या तालुक्यात नेमणूक दिली. साहेब म्हणाले बऱ्याच वेळा असंच होतं, कोर्टात उत्तर द्यायची वेळ आली की फाईल हलते. मी ज्या पदावरून निलंबित झालो त्याचं नावही मधल्या काळात बदललं होतं, त्याच वर्षी शासनाने ग्रामसेवक आणि ग्रामविकास अधिकारी ही दोन पदं एक करून ग्रामपंचायत अधिकारी असं नाव द्यायचा निर्णय घेतला. गावात मात्र अजून भाऊसाहेबच म्हणतात. हजर झालो त्या दिवशी नवीन गावच्या सरपंचबाईंनी चहा पाजला आणि जुनं काही विचारलं नाही, त्याचं मला फार बरं वाटलं.

आता ज्या गोष्टी आवडल्या नाहीत त्याही लिहितो. फोन उचलत नाहीत, सकाळी दहा ते संध्याकाळी सहा तर अजिबात नाही, कोर्टात असतात हे समजतं पण उलट फोनही येत नाही, मेसेज टाकला तर रात्री अकराला उत्तर येतं. एकदा बोर्डावर केस आल्याचं मला कळवलंच नाही, मी ईकोर्ट्सच्या ॲपवर स्वतः बघितलं म्हणून कळलं. तुम्हीही केस नंबर मिळाला की ॲपवर टाकून ठेवा, कोणावर अवलंबून राहू नका. याचिकेच्या पहिल्या ड्राफ्टमध्ये माझ्या गावाचं नाव चुकलं होतं आणि निलंबनाचा महिना जूनऐवजी जुलै पडला होता, मी वाचलं म्हणून सापडलं. तारखांवर लढायचं म्हणणाऱ्या ऑफिसने तारीखच चुकवावी याचं मला वाईट वाटलं आणि ते मी साहेबांना तोंडावर बोललोही. त्यांनी मान्य केलं, ज्युनियरला माझ्यासमोर पूर्ण याचिका परत वाचायला लावली. बसायला जागा नाही, बाथरूम खालच्या मजल्यावर, म्हाताऱ्या माणसाला किंवा बाईमाणसाला दिवसभर थांबणं त्रासाचं आहे. माझ्यासोबत एक अंगणवाडी पर्यवेक्षिका होत्या त्या दुपारपर्यंत जिन्यातच बसून होत्या, एवढ्या गर्दीच्या ऑफिसने दोन बाकडी तरी टाकायला हवीत.

तरीही पाचपैकी साडेचार देईन. जाताना आदेशाची मूळ प्रत, त्याआधीच्या नोटिसा आणि तुमचे खुलासे, सगळ्यांच्या पोच आणि पाकिटं न्या, आणि एका कोऱ्या कागदावर फक्त तारखा लिहून न्या, कुठल्या तारखेला काय झालं एवढंच. मी पहिल्यांदा नऊ पानांची हकीकत लिहून नेली होती, त्यांनी ती बाजूला ठेवली आणि पाठीमागे बारा ओळीत तारखा लिहून घेतल्या, केस त्या बारा ओळींवरच चालली.

माझी विभागीय चौकशी आता सुरू झाली आहे. चौकशी अधिकाऱ्यांसमोर दोन साक्षीदार झाले, तिसरा त्या कपाटाच्या चावीवाला आहे. निलंबनाचे सहा महिने कर्तव्यकाळ म्हणजे कामावर होतो असे धरायचे का नाही हा निर्णय चौकशी संपल्यावर होईल, त्यावर माझी वेतनवाढ आणि बाकीचा पगार अडकून आहे. ती नऊ पानं साहेबांनी मागच्या महिन्यात फाईलमधून परत काढून दिली, म्हणाले आता याची वेळ आली. येत्या शनिवारी उलटतपासणीचे प्रश्न काढायला बोलावलंय, यावेळी पहिल्या एसटीने निघणार आहे, म्हणजे खुर्ची मिळेल.